घाणेरीची हिरवी फळं

डॉक्टरबाईंनी गायीच्या पाठीवर दोन बोटं टेकवली आणि हलकेच पुढे सरकवली, तशी पांढरी कातडी बोटांबरोबर निघून आली. जुन्या भिंतीचा पोपडा निघावा तशी. गायीने अंग थरारवलं, पण ती जागची हलली नाही. गोठ्याच्या उघड्या बाजूने आत आलेलं सकाळचं ऊन तिच्यापासून हातभर अंतरावर थांबलं होतं आणि ती मागच्या भिंतीला चिकटून उभी होती. तिथे कुणी उकळतं पाणी सांडून ठेवलं असावं, तशी ती त्या उन्हाकडे बघत होती.

"ॲसिड आहे," गोठ्याच्या खांबाला धरून गुरुजी म्हणाले. "तू फक्त लिहून दे. सही आणि शिक्का. बाकीचं मी बघतो."

"मला बघू तरी द्या, गुरुजी."

"बघायचं काय त्यात? मी नऊ दिवस दवाखान्यात. काल संध्याकाळी घरी येतो, तर ही अशी. पलीकडे कोण राहतं आणि त्याच्या दुकानात कसल्या कसल्या बाटल्या असतात, हे तुला मी सांगायला हवं?"

पलीकडे त्यांचा धाकटा भाऊ राहत होता. तो सुतार. दोन घरांच्या मध्ये कंबरेएवढी भिंत होती आणि त्या भिंतीला दोन्ही अंगांनी गिळून बसलेली घाणेरीची जाळी. बारा वर्षांपूर्वी गुरुजींनी आपल्या सख्ख्या पुतण्याला चौथीत नापास केलं, तेव्हापासून भावाभावांत अबोला होता. पोरगं पुढच्या वर्षी पास झालं, मोठं झालं, आता दूरच्या शहरात लिफ्ट दुरुस्त करतं आणि अधूनमधून काकांना फोनही करतं. बापाचा अबोला मात्र सुटला नाही. जाळीही त्या अबोल्यातच वाढली. कुठल्याशा पाखराने बी टाकलं, रोप उगवलं. भिंत दोघांची, तेव्हा रोप उपटायचं कुणी, हे एकमेकांना विचारायला दोघेही तयार नव्हते. आता तिला गुलाबी-पिवळ्या फुलांचे झुबके आणि मिरीएवढ्या फळांचे घोस लटकत होते, काही हिरवे, काही काळे, आणि दिवसभर बुलबुलांची वर्दळ.

गुरुजींच्या हातात चार घड्या घातलेला कागद होता. चौकीत द्यायचा अर्ज. वरची ओळ डॉक्टरबाईंना तिरकी वाचता आली. 'माझ्या सख्ख्या भावाने' अशी सुरुवात होती. अक्षर तेच, फळ्यावरचं, काना-मात्रा सरळ उभ्या. डॉक्टरचा दाखला जोडला की दुपारी अर्ज जाणार होता.

"खडू, अगं लिही ना."

खडू म्हणजे डॉक्टरबाईच. पन्नाशीला आलेल्या बाईला या नावाने हाक मारणारं जगात एकच माणूस उरलं होतं. पहिलीत असताना त्या खडू खायच्या. पुढे गुरांच्या डॉक्टर झाल्यावर, अंगात क्षार कमी पडले की हाडं चघळत बसणाऱ्या म्हशी पाहिल्या तेव्हा कुठे त्यांना स्वतःचा उलगडा झाला. तोंडात सतत खडू, त्यामुळे बोलणं नाहीच. पहिल्या सहामाहीत त्यांनी वर्गात एक शब्द उच्चारला नव्हता. अशा मुलांसाठी गुरुजींची एक युक्ती होती. ते रागावत नसत, आग्रहही करत नसत. फळ्यावर लिहायचे, सात अधिक पाच बरोबर तेरा. आणि हात मागे बांधून, खिडकीबाहेर बघत उभे राहायचे. एक मिनिट, दोन मिनिटं. शेवटी मागच्या बाकावरून ओरडा आला होता, "बारा!" गुरुजी वळलेही नव्हते. नुसता खडू पुढे करून म्हणाले होते, "मग ये आणि लिही." डॉक्टरबाईंनी जाऊन बारा लिहिलं आणि उरलेला खडू खाल्ला.

"गुरुजी, पाटीच्या काळ्या भागावर काय दिसतं?" डॉक्टरबाईंनी विचारलं.

पाटी हे गायीचं नाव. काळी कुळकुळीत, आणि अंगावर पांढरे पट्टे, पोराने पाटीवर रेघोट्या ओढाव्यात तसे. निवृत्त झाल्यावर गुरुजींनी तिला आणलं, तिच्यासाठी गोठा बांधला. आता तिचं दूध आटलं होतं, तरी ती होती. घरात बोलायला दुसरं कुणी नव्हतं.

"काळ्यावर काही नाही."

"जवळ येऊन सांगा."

ऑपरेशनच्या टाक्यांवर एक हात दाबत गुरुजी पुढे आले. चष्मा वर सरकवला. पांढरा पट्टा सुजून, फुटून, ओलावला होता. त्याची कड जिथे संपत होती, तिथून पुढची काळी कातडी तुकतुकीत होती. मधली रेघ पट्टी धरून आखल्यासारखी स्वच्छ.

"काही नाही," ते पुन्हा म्हणाले. या वेळी जरा हळू.

"ॲसिडला रंग कळतो का?"

गुरुजी त्या रेघेकडे पुन्हा वाकले.

"हिला उन्हाने भाजलंय."

"ऊन काय आजच पडायला लागलं?"

"ऊन तेच आहे. हिच्या पोटात नवीन काहीतरी गेलंय. डोळे बघा, हळदीसारखे झालेत. लिव्हरला मार बसलाय. लिव्हर नीट असलं की खाल्लेल्या हिरव्या पाल्यातलं नको ते बाहेर टाकतं. बिघडलं की ते रक्तात फिरतं, कातडीत येऊन बसतं, आणि वर ऊन पडलं की कातडी जळते. काळ्या कातडीला तिच्या रंगाची सावली असते. पांढरीला नसते."

गुरुजी मन लावून ऐकत होते. चांगलं शिकवलेलं त्यांना रागातही आवडायचं.

"काय खाल्लंय हिने?"

डॉक्टरबाईंनी भिंतीवरच्या जाळीकडे बोट केलं.

"शक्यच नाही. ही जाळी इतकी वर्षं हिच्या नाकासमोर आहे. वासानेच तोंड फिरवते."

"पोटात काही असलं तर फिरवते."

"म्हणजे काय? पेपरवाला दोन वेळ वैरण टाकत होता. सकाळी एक पेंढी, संध्याकाळी एक. खोलीची एक किल्ली त्याच्याकडे होती."

"किती पेंढ्या ठेवल्या होत्या?"

"अठरा. नऊ दिवसांच्या."

"आता किती आहेत?"

गुरुजी वैरणीच्या खोलीकडे गेले. कुलूप उघडल्याचा आवाज आला आणि मग बराच वेळ काहीच नाही. बाहेर आले तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावरचा ताठा थोडा उतरला होता.

"आठ," ते म्हणाले. हिशेब करायला त्यांना बोटं लागत नसत. "चार दिवस. चार दिवस ही उपाशी होती?"

"नव्हती ना. उपाशी असती तर कातडी शाबूत असती. कुणीतरी पोट भरलंय. हिचं दावं जाळीपर्यंत पोचत नाही, गुरुजी. पाला कापून, गव्हाणीत आणून टाकलाय."

हे बोलल्यावर आपण काय केलं ते डॉक्टरबाईंच्या ध्यानात आलं. गुरुजींनी खिशातून पेन काढलं, अर्जाच्या घड्या उलगडल्या आणि तिसऱ्या ओळीतला एक शब्द आडवी रेघ मारून खोडला.

"म्हणजे विष घातलं," ते म्हणाले. "ॲसिड एक वेळ रागाच्या भरात फेकेल माणूस. हे चार दिवस बसून केलंय. मुक्या जनावराला."

"अर्धा तास थांबाल?"

"का?"

"माझ्यासाठी. दाखला मी लिहिणार आहे ना? मग मला सगळं बघू द्या. 'आधी बघा, मग बोला' असं कुणी शिकवलं होतं आम्हाला?"

गुरुजींनी पेनाला टोपण लावलं.

सुताराच्या घरी जायला गल्लीतून वळसा घालावा लागे. फाटक उघडंच होतं. समोरच्या पडवीत दोन लाकडी घोड्यांवर एक लांब फळी आडवी टाकून सुतार रंधा मारत होता. पायाशी भुश्याचा ढीग. आलेल्या माणसाकडे त्याने मान वर करून पाहिलं नाही.

"कशाला आलात ते कळलं मला. दादा सकाळपासून गल्लीला ऐकवतोय." रंधा सर्रकन गेला आणि परत आला. "लिहून टाका, बाई."

"काय लिहू, काका?"

"तो म्हणतो ते."

"ते खरं आहे का?"

रंधा पुन्हा गेला. लाकडाची एक लांब साल वळत वळत खाली पडली.

"वाचेल का?"

"कोण?"

"ती हो. पाटी."

"वाचेल. सावलीत राहिली तर."

रंधा थांबला. सुताराने फळीवर फुंकर मारली, जिथे भुसा नव्हता तिथेही.

मागच्या फडताळावर खिळ्यांचे डबे ओळीने मांडलेले होते. लहान खिळे, मोठे खिळे, स्क्रू. शेवटच्या डब्याला झाकण नव्हतं आणि त्यात खिळेही नव्हते. डॉक्टरबाईंनी तो खाली काढला. आत सुकून सुरकुतलेली हिरवी फळं होती, मिरीएवढी, काठोकाठ. एकही काळं नव्हतं.

"हे काय?"

चोरून काही खाताना पकडलेल्या पोरासारखा सुतार त्यांच्याकडे बघत राहिला. मग घोड्याच्या कडेवर टेकला.

"टाकायचं राहिलं. खाली फेकलं तर पोरंबिरं तोंडात घालायची, म्हणून डब्यात भरलं."

डॉक्टरबाई डबा हातात धरून उभ्या राहिल्या.

"ओरडत होती हो," सुतार म्हणाला. "पहिल्या दिवशी म्हटलं, येईल कुणीतरी. दुसऱ्या दिवशी पेपरवाल्याकडे गेलो, तर त्याच्या घराला कुलूप. वैरणीच्या खोलीला कुलूप. माझ्या घरात काय असणार, भुसा. तोही लाकडाचा! पाव दिले, भाजीची देठं दिली. तेवढ्याने तिचं काय होणार? उन्हाळ्यात हिरवं म्हणून डोळ्यांसमोर एवढंच होतं. मग कापलं. पहिल्या दिवशी नाक मुरडलं तिने, दुसऱ्या दिवशी खाल्लं." त्याने डब्याकडे हात केला. "पण हिरवी फळं एकूण एक खुडून काढली, बाई. चष्मा लावून, फांदी न् फांदी. काळी तेवढी ठेवली."

"का?"

"का म्हणजे? दादानेच शिकवलं होतं. मी पाच वर्षांचा, तो आठ. शाळेमागे हीच झुडपं होती. हिरवं विषारी, काळं गोड. तोंड काळं होईस्तोवर खायचो. तो एकेक फळ आधी स्वतः चावून बघायचा, मग मला द्यायचा." तो थांबला. "पाखरं खातात. आम्ही खाल्लं, काही झालं नाही. पाल्यात काय असतं, ते कुणी सांगितलं होतं?"

"विष पाल्यातच जास्त असतं, काका."

हे जरा वेळाने सांगितलं असतं तरी चाललं असतं, असं त्यांना वाटलं, पण बोलून झालं होतं. सुताराने तळवे उलटे करून पाहिले. फांद्यांच्या बारीक काट्यांचे ओरखडे अजून गेले नव्हते.

"त्याला सांगू नका."

"ते आज दुपारी अर्ज देणार आहेत. आता तर 'विष घातलं' असं लिहिणार आहेत."

"देऊ दे. ॲसिड टाकलं, विष घातलं, ते खोटं आहे. खोट्याचं मला काही वाटत नाही, उभा राहीन मी त्याच्यापुढे. पण मी त्याच्या गोठ्यात जाऊन त्याच्या गायीला चारत बसलो होतो, हे त्याला कळायला नको."

"का पण?"

"एक तर आभार मानेल. नाहीतर शिकवायला बसेल." सुताराने रंधा उचलला. "मला दोन्ही झेपायचं नाही."

डॉक्टरबाईंना हसू आलं आणि ते त्यांनी डबा फडताळावर ठेवण्याच्या निमित्ताने लपवलं.

"तुमचं नाव मी घेणार नाही," त्या म्हणाल्या.

"शब्द?"

"शब्द."

फाटकापर्यंत गेल्यावर मागून हाक आली.

"बाई, गोठ्याचे खांब बघितलेत का? बाहेरचा सुतार आणला होता त्याने. बाहेरचा!"

परत आल्या तेव्हा गुरुजी स्टुलावर बसले होते. अर्ज मांडीवर होता. खोडलेल्या शब्दाच्या वर त्यांनी अजून काही लिहिलं नव्हतं.

"काय म्हणतो?"

"मी गाय बघायला आले आहे, गुरुजी, माणसं नाही." डॉक्टरबाईंनी बॅग उघडली. "विष लिहायच्या आधी एकदा गव्हाणीत बघा. मला सांगू नका काय आहे. स्वतःलाच सांगा."

गुरुजी उठले. पोटावर हात दाबत वाकले आणि गव्हाणीच्या तळाशी हात घातला. आधी नुसत्या काड्या आल्या, पाला ओरबाडून खाल्लेल्या. मग अगदी कोपऱ्यात, फळ्यांच्या फटीत अडकलेला एक डहाळा आला. त्याची पानं सुकून चुरा होत होती, पण फळांचा घोस टिकून होता. ते तो उजेडात घेऊन गेले.

डॉक्टरबाई इंजेक्शन भरत होत्या. त्यांनी तिकडे पाहिलं नाही.

"काळी आहेत," गुरुजी पुटपुटले. "हिरवी नाहीत."

सुईने हवेचा बुडबुडा बाहेर टाकला.

"गळलेली नाहीत. देठ शिल्लक आहेत. नखाने खुडलीत. एकेक."

पाटीने मान हलवली. जाळीत दोन बुलबुल कशावरून तरी भांडत होते. पलीकडे रंधा चालू होता, एकसारखा, न थांबता. गुरुजी तो डहाळा बोटांत फिरवत बसले, पुन्हा पुन्हा, जणू त्यावर काही लिहिलेलं होतं आणि ते पुरतं वाचून झालं नव्हतं. डॉक्टरबाईंनी इंजेक्शन दिलं, कोळशाची पूड पाण्यात कालवून नळीने पाजली, फुटलेल्या कातडीवर मलम लावलं.

"पाल्याचं मी सांगितलंच नव्हतं," शेवटी गुरुजी म्हणाले. कुणाला सांगितलं नव्हतं, ते त्यांनी म्हटलं नाही, आणि डॉक्टरबाईंनी विचारलं नाही. "मलाच ठाऊक नव्हतं."

"आठ वर्षांच्या वयात कुणाला ठाऊक असतं?"

गुरुजींनी चटकन वर पाहिलं. डॉक्टरबाईंनी जीभ चावली. पण गुरुजींनी पुढे काही विचारलं नाही. डहाळा सदऱ्याच्या खिशात ठेवला, पेनाच्या शेजारी.

"उपाय काय?"

"औषध आठ दिवस. मी रोज येईन. आणि महिनाभर हिच्या अंगावर ऊन पडता कामा नये. गोठ्याची ही उघडी बाजू झाका. पडदा नको, वाऱ्याने उडेल. फळ्या लावा."

"सात फूट आहे," गुरुजी म्हणाले. "बांधताना मी स्वतः टेप धरून मोजलीय." त्यांनी अर्ज उलटा केला आणि कोऱ्या पाठीवर सातचा आकडा काढला. मग त्या आकड्याकडे बघत उभे राहिले.

नंतर ते उघड्या बाजूपाशी गेले. हात मागे बांधले, भिंतीकडे पाठ केली, आणि त्यांनी आवाज लावला. तोच आवाज, शेवटच्या बाकापर्यंत पोचणारा.

"पाटे, तुला आडोसा करायचाय म्हणे. ही बाजू पाच फूट भरते. पाच फुटांच्या फळ्या आणतो बाजारातून."

सात, असं डॉक्टरबाईंच्या ओठांवर आलं होतं. आत्ताच तर म्हणालात सात. मग त्यांना गुरुजींचा चेहरा दिसला आणि त्या गप्प बसल्या. गुरुजी समोरच्या आभाळाकडे बघत होते, खिडकीबाहेर बघावं तसे.

रंधा थांबला.

"पाच फूट," गुरुजी पुन्हा म्हणाले. "आणि उंची चार."

काही वेळ नुसते बुलबुल बोलत होते. मग तेही उडाले. जाळी पलीकडच्या अंगाने हलली.

"पाच म्हणे!" जाळीतून आवाज आला. बारा वर्षं न वापरल्यामुळे थोडा खरखरीत. "सात आहे ती, सात! उंची साडेसहा. डावा खांब अर्धा इंच बाहेर झुकलाय, ते निराळंच. पाच म्हणे!"

आणि मग पलीकडे एकदम सामसूम झाली. आपण कुठल्या गोठ्याचं माप सांगून बसलो, ते बोलणाऱ्याला कळलं असावं.

गुरुजी वळले नाहीत. त्यांनी चष्मा काढला, सदऱ्याच्या टोकाने पुसला, पुन्हा घातला.

"मग ये," ते म्हणाले, "आणि मोज."

डॉक्टरबाईंनी बॅग उचलली. गल्लीत त्यांची स्कूटर दोन्ही फाटकांच्या मधोमध आडवी उभी होती. ती बाजूला घ्यायला त्या घाईने बाहेर पडल्या.